मुस्तफाचा सातबारा

मुरबाड तालुक्यात पौष पौर्णिमेला म्हसा यात्रा भरते. बैलबाजारासाठी तिचं नाव लांबवर गेलेलं. तिथं बैल घ्यायला आलेला माणूस आधी बैलाचं तोंड उघडतो, दात मोजतो. आदत आहे की दुसा, हे विकणाऱ्याच्या शब्दावर सोडत नाही. मग खांद्यावरून, पाठीवरून हात फिरवतो, चार पावलं चालवून बघतो आणि एवढं सगळं झाल्यावर भाव ऐकून निघून जातो. संध्याकाळी परत येतो.

हाच माणूस पोरांसाठी व्हिडिओ गेम घेतो, तेव्हा खोक्यावर ‘१०,००० गेम’ छापलंय एवढं वाचून पैसे देतो. एकाही गेमचे दात बघत नाही.

खोक्यातून निघते ती अंगठ्यापेक्षा जरा मोठी काळी कांडी. ती टीव्हीच्या मागे एचडीएमआयच्या खाचेत बसते. सोबत दोन बिनवायरचे रिमोट आणि नखाएवढं ६४ जीबीचं मेमरी कार्ड. सगळा संसार त्या कार्डावर. रोज एक गेम खेळायचा म्हटला तर दहा हजार संपायला सत्तावीस वर्षं लागतील. तोवर चौथीतल्या मुलीची मुलगी चौथीला बसलेली असेल.

पण दहा हजार आले कुठून? ज्या फॅमिकॉमनं हा खेळ घराघरांत नेला, तो जपानच्या निन्टेंडोनं १५ जुलै १९८३ला बाजारात आणला. त्याच्या उभ्या हयातीत कंपनीच्या परवानगीनं निघालेले गेम हजाराच्या थोडेच वर. कांडीवाल्यांनी मग इतर गावचे पाहुणे बोलावले: थोडे सेगाचे, थोडे प्लेस्टेशनचे, थोडे पार्लरमधल्या मोठ्या मशिनींचे. (बोलावताना मालकांची परवानगी विचारायची बहुधा राहून गेली, हेही इथंच सांगितलेलं बरं.) तरी पंगत भरेना, तेव्हा एकाच घरची भावंडं वेगवेगळ्या पाटांवर बसवली. ‘कॉन्ट्रा’ जपानचा एक, अमेरिकेचा दुसरा. युरोपात त्याच गेममधली माणसं काढून यंत्रमानव घातले आणि नाव ठेवलं ‘प्रोबोटेक्टर’, तो तिसरा. कुणा हौशी माणसानं न संपणारी लाइफ घालून दिलेला चौथा. यादीत चौघे चार नावांनी उभे, आणि मोजणीत चार.

आकड्यांचा हा फुगा काही आजचा नाही. नव्वदच्या दशकात ‘समुराई’, ‘लिटल मास्टर’ अशा नावांनी फॅमिकॉमच्या नकला आपल्याकडे आल्या. त्यांच्या पिवळ्या-काळ्या कॅसेटवर ‘९९९९९९९ इन १’ असं लिहिलेलं असायचं. नव्व्याण्णव लाख नव्व्याण्णव हजार नऊशे नव्व्याण्णव! एक कोटीला एकच कमी. दुकानदारानं एवढी सचोटी दाखवल्यावर घासाघीस कोण करणार? घरी येऊन यादी खाली सरकवली की कळायचं, खरे गेम मूठभरच. पुढं मारिओच तिसऱ्या पातळीपासून, मग मारिओच सातव्या पातळीपासून, मग तोच मारिओ नवं नाव लावून.

त्या कॅसेटमधून एकही गेम काढता येत नसे. कॅसेट उघडली तर आत हिरव्या पट्टीवर डांबराच्या थेंबासारखा काळा, कडक गोळा दिसे. त्या लेपाखाली चिप, आणि चिपमधला मजकूर कारखान्यातच कायमचा उमटवलेला. शिलालेखच म्हणायचा. काढायचा असेल तर हातोडा घ्यावा लागे, आणि मग सगळेच गेम निघत. हल्ली खेळण्यांच्या दुकानांत हातात धरायचा ‘सुप ४०० इन १’ मिळतो. जुन्या नोकियाला बसणाऱ्या पद्धतीची बॅटरी, छोटा पडदा आणि चारशे गेम. त्यालाही कार्ड नाही. चारशे म्हणजे चारशे, नावडतेही सांभाळायचे. एकत्र कुटुंबच ते.

मूळ कंपनीचा धाकटा अवतार आला, तोही याच स्वभावाचा. ८ नोव्हेंबर २०१६ला रात्री पाचशे-हजाराच्या नोटा बाद झाल्या. १० तारखेला बँका उघडल्या, बाहेर रांगा लागल्या. आणि त्याच १० नोव्हेंबरला जपानात निन्टेंडोनं तळहातावर मावणारा फॅमिकॉम विकायला काढला. दुसऱ्या दिवशी अमेरिकेत त्याचा भाऊ आला, तीस गेम पोटात घेऊन. इकडे देशानं चलनातल्या नोटांपैकी किमतीनं शेकडा ८६ एका रात्रीत काढल्या. १ डिसेंबरला मुरबाड तालुक्यातलं धसई राज्यातलं पहिलं रोकडरहित गाव म्हणून जाहीर झालं, म्हणजे तिथं तर उरलेली रोकडही काढायला निघाले. आणि त्या चिमुकल्या डब्यातून तिसातला एक गेम काढायची सोय मात्र कंपनीनं ठेवलेली नव्हती. घालायचीही नव्हती. आत जागा ५१२ एमबी, मूळ सुपर मारिओ ४० केबीचा. साध्या भागाकारानं तेरा हजार मारिओ मावावेत, एवढ्या वाड्यात तीस भाडेकरू.

दोन महिन्यांत, जानेवारी २०१७मध्ये, ‘क्लस्टर’ नावानं वावरणाऱ्या एका रशियन प्रोग्रामरनं ‘हॅक्ची २’ काढलं. डबा वायरीनं कॉम्प्युटरला जोडायचा, नवे गेम घालायचे, नको त्यांच्या पुढची खूण काढायची. खूण काढली की गेम पडद्यावरून जातो. पण मूळचे तीस ज्या भागात बसवलेत, तो भाग फक्त वाचण्यापुरता. तिथून त्यांना कुणी उठवत नाही. ते नुसते दिसेनासे होतात. लग्नाच्या फोटोत नको असलेल्या पाहुण्याला खांबाआड उभं करावं, तसं.

कार्डावाल्या कांडीत मात्र खरोखर काढता येतं. आणि काढता येतं म्हटल्यावरच खरी भांडणं सुरू होतात.

समजा, आसनगाव स्टेशनकडून शहापूरला येताना लागणारं एखादं घर. वडील रोज कसारा लोकलनं मुंबईला जाणारे, चाळिशी ओलांडलेले. आई. चौथीतली मुलगी. आणि माळ्यावर किती वस्तू आहेत हे एकट्यालाच ठाऊक असलेले आबा. कांडी येऊन आठ दिवस झाले तरी मुलगी एकही गेम धड खेळलेली नाही. ती यादीच सरकवत बसते. एक उघडला की जपानी अक्षरं, दुसरा उघडला की पुन्हा तोच, तिसरा सुरूच होत नाही. तालुक्यात तानसा धरण आहे, भातसा धरण आहे, आणि उन्हाळ्यात पाड्यांवर टँकर. कार्डावर दहा हजार, आणि पोरीला खेळायला एक नाही.

“काढून टाका ना नको ते,” आई म्हणते. हे वाक्य ती माळ्याबद्दलही दर दिवाळीला म्हणते.

रविवारी वडील कार्ड लॅपटॉपला लावतात. तासाभरात दोन हजार फायली उडवतात. कपाळावरचा घाम पुसून कार्ड परत कांडीत घालतात, टीव्ही लावतात. यादी जशीच्या तशी! दहा हजार. काढलेला गेम नावानं हजर आहे. त्यावर बटण दाबलं की काळा पडदा येतो, नाहीतर यंत्र निमूटपणे परत यादीवर येतं.

“फाइल उडाली, तर नाव कसं ऱ्हायलं?” वडील विचारतात.

“सातबाऱ्यावर आजाचं नाव अजून हाये का नाय?” आबा जागचे न हलता सांगतात. “आजा कवाचा गेला.”

अशा बऱ्याच स्वस्त कांड्यांत असंच असतं, आणि आबांएवढं नेमकं ते कुणाला सांगता आलं नसतं. गेम म्हणजे जमीन. यादी म्हणजे सातबारा. जमीन एका खणात, तिचा उतारा दुसऱ्या खणात, आणि दोघांची रोज गाठ पडेलच असं नाही. यादीची फाइल वेगळी असते. गेम उडवला तरी तिथं फेरफार होत नाही, म्हणून नाव चालू राहतं. उलटंही घडतं: नवा गेम कार्डावर नुसता टाकला तर तो दिसत नाही. कब्जा आहे, नोंद नाही. समृद्धी महामार्ग शहापुरातून गेला, तेव्हा मोबदल्याच्या निमित्तानं कितीएक घरांनी आपापले उतारे पहिल्यांदा नीट वाचले. कार्डाचंही तेच. जागा कमी पडेपर्यंत यादी कुणी वाचत नाही.

फेरफार करायला मुरबाडहून भाचा येतो. मुरबाडला रेल्वे अजून यायची आहे, म्हणून तो सरळगाव-किन्हवलीच्या रस्त्यानं मोटारसायकलवर येतो. इंजिनीअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे, म्हणजे या घरातला सर्वांत मोठा तज्ज्ञ. तो पहिला प्रश्न विचारतो, “मामा, कार्डाची कॉपी काढून ठेवली होती का आधी?”

मामा चहा प्यायला बोलावतात.

घाईनं काढण्यातले पुढचे घोटाळे एकेक करून उघडकीला येतात. प्लेस्टेशनचा एक गेम वडिलांनी काढला होता, तरी कार्डावर जागा झालेली नाही. कारण त्या गेमच्या फायली दोन: एक चिमूटभर ‘क्यू’, ज्यात नुसता पत्ता असतो, आणि एक ‘बिन’, जी सहा-सातशे एमबीची असू शकते. वडिलांनी पत्त्याची चिठ्ठी फाडली. घर उभंच आहे. दुसरीकडे त्यांनी पन्नास-शंभर बारक्या फायली कचरा समजून झाडल्या. त्यात मुलीनं आठ दिवसांत कसाबसा पार केलेला एकुलता एक टप्पा साठवलेला होता. गेम आहे, कमाई गेली. यावर घरात जे रडणं झालं, त्याची नोंद कुठल्याच यादीत नाही.

पण खरा हाहाकार मुस्तफाचा.

वडिलांनी कांडी घेतली होती ती, खरं सांगायचं तर, मुलीसाठी नव्हे. कल्याणला कॉलेजात असताना पार्लरमध्ये रुपयाचं नाणं टाकून ते ‘मुस्तफा’ खेळत, त्यासाठी घेतली होती. यादीत त्यांनी ‘मुस्तफा’ शोधला. नव्हता. असणारच नाही. कॅपकॉम कंपनीनं १९९३मध्ये काढलेल्या त्या गेमचं नाव ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’. त्यातल्या चौघांपैकी टोपीवाला गडी मुस्तफा, तो आपल्या पोरांना एवढा आवडला की त्यांनी अख्खा गेम त्याच्या नावावर करून टाकला. मूळ मालकाचं नाव पुसलं गेलं, कुळाचं लागलं. आता कार्डावर त्याच्या फाइलचं नाव तिसरंच: ‘डायनो’. रविवारच्या सफाईत वडिलांनी ते पाहिलं. बाळांच्या डायनोसॉरचा गेम दिसतो, असं म्हणून त्यांनी स्वतःच्या हातांनी मुस्तफाला कचऱ्याच्या पेटीत घातलं.

भाच्यानं ही बातमी सांगितली, तेव्हा वडील काही वेळ बोलले नाहीत.

“पण ‘डायनोयू’ दिसतोय ना इथं,” त्यांनी थोड्या वेळानं आशेनं विचारलं. “तो अमेरिकेचा मुस्तफा ना?”

होता. चालत मात्र नव्हता. पार्लरच्या गेमांत एक मूळ पुरुष असतो आणि बाकीची त्याची वंशावळ. जागा वाचवायला बांधलेल्या संचात वंशजाच्या फाइलमध्ये फक्त त्याचा वेगळेपणा भरलेला असतो; हात, पाय, पोट सगळं मूळ पुरुषाकडून उसनं. ‘डायनो’ गेला की ‘डायनोयू’, ‘डायनोजे’ ही मंडळी यादीत राहतात, पण उभी राहू शकत नाहीत. याहून नाजूक गोष्ट ‘निओजिओ’ नावाच्या फाइलची. ती गेमसारखी दिसते, उघडली तर काहीच होत नाही, म्हणून काढायची इच्छा अनावर होते. ती काढली की त्या जातीच्या मशिनीवरचे सगळे गेम, ‘किंग ऑफ फायटर्स’सकट, एकाच वेळी आडवे होतात. प्रत्येक घरात असा एक माणूस असतो. दिवसभर काही करताना दिसत नाही. चार दिवस गावाला गेला की पाण्याची मोटर कशी चालू करायची हेच कुणाला ठाऊक नसतं. या घरात ते आबा.

‘डक हंट’ काढायला मात्र एकमत झालं. १९८४चा हा बदकांचा खेळ नकली बंदुकीनं खेळायचा. बंदूक गोळी सोडत नसे, ती बघत असे. चाप ओढला की क्षणभर पडदा काळा व्हायचा आणि बदकाच्या जागी पांढरा चौकोन चमकायचा. तो उजेड बंदुकीच्या डोळ्याला दिसला तर बदक मेलं. हे सगळं काचेच्या जुन्या डबा टीव्हीच्या चालीवर बेतलेलं, तेव्हा नव्या सपाट टीव्हीसमोर ती बंदूक आंधळी. आणि कांडीसोबत बंदूकही नाही. तरी बदकं यादीत आहेत. ती निवांत उडत जातात, मग गवतातून तो कुत्रा वर येतो आणि हसतो. वडिलांना तो कुत्रा तीस वर्षांपासून काढायचा होता. त्याच्यावर बटण दाबताना त्यांनी रिमोट मुद्दाम आबांच्या हातात दिला.

भाच्याचा पुढचा उपाय म्हणजे कांडीच बाजूला ठेवणं. त्यानं आपल्या पिशवीतून पत्त्यांच्या कॅटाएवढी रास्पबेरी पाय नावाची पाटी काढली. त्यावर ‘रेट्रोपाय’ आणि त्याचा दर्शनी भाग ‘एम्युलेशनस्टेशन’. नवं कार्ड. नव्या कार्डावर निवडक चाळीस गेम, वडिलांनी कचऱ्याच्या पेटीतून परत आणलेल्या मुस्तफासह. इथला तलाठी तत्पर: फाइल उडवून यंत्र पुन्हा सुरू केलं की नावही जातं. गेमवर उभं राहून सिलेक्ट दाबलं तर पर्यायांतून माहितीचा तक्ता उघडतो, तिथून खरोखर काढताही येतं आणि नुसतं लपवताही येतं. भाच्यानं लपवण्याची शिफारस केली. “काढायचं नाही मामा, लपवायचं. आणि लाइट जायच्या वेळेला कार्डाला हातच लावायचा नाही. लिहिता लिहिता वीज गेली तर कार्ड बसतं.”

लाइट जायची वेळ कोणती, यावर दोन्ही तालुक्यांचे प्रतिनिधी बराच वेळ बोलले. एकमत झालं नाही.

आता भीती एकच होती. मुलीनं रविवारचा सगळा कारभार पाहिला होता आणि तिलाही काढून टाकायची चटक लागली होती. मुस्तफाकडे ती ज्या नजरेनं बघत होती, ती नजर वडिलांना ओळखीची वाटली. ते डायनोकडे तसेच बघत होते. त्यावरही भाच्याकडे तोड होती. या प्रणालीत तीन तऱ्हा आहेत: मोठ्यांसाठी सगळं मोकळं, पाहुण्यांसाठी खेळा पण बदलू नका, आणि मुलांसाठी खूण केलेले गेम तेवढेच. मुलांची तऱ्हा लावली की मुलीला अकरा गेम दिसतील, काढायचं दार दिसणारच नाही. परत उघडायला एक गुप्त खूण असते. ती फक्त मामांना सांगायची.

भाचा मामांच्या कानाला लागला. “वर वर, खाली खाली, डावं उजवं, डावं उजवं, बी, ए.”

मामांचा चेहरा उतरला.

ही खूण कोनामी कंपनीच्या काझुहिसा हाशिमोतो यांची. १९८६मध्ये ‘ग्रॅडियस’ गेम घरच्या यंत्रावर आणताना तो त्यांना स्वतःलाच खेळून बघायला अवघड जात होता, म्हणून त्यांनी एक चोरवाट ठेवली आणि काढायची राहून गेली. पुढं अमेरिकन ‘कॉन्ट्रा’त तीच खूण दाबली की तीन लाइफच्या तीस मिळत. हाशिमोतो २०२०मध्ये गेले. खूण जगभर राहिली. एम्युलेशनस्टेशन करणाऱ्यांनी तीच आपल्या कुलपाची किल्ली म्हणून बसवली. आणि कांडी घरात आली त्याच संध्याकाळी, बापाचं शहाणपण दाखवायच्या भरात, वडिलांनी मुलीला पहिली शिकवली होती ती हीच खूण. बाराखडीसारखी घोकून घेतली होती.

“वर वर, खाली खाली,” स्वयंपाकघरातून मुलीचा आवाज आला. ती पोळ्यांचं पीठ मळणाऱ्या आईला चाल लावून म्हणून दाखवत होती.

भाचा निघाला तेव्हा अंधार पडला होता. जुनं दहा हजारी कार्ड आणि कांडी टेबलावरच होती. वडिलांनी ती खोक्यात घातली, खोकं पिशवीत, आणि स्टूल ओढून माळ्याखाली गेले. माळ्यावरची दुसरी पिशवी आबांनी खालून बोट दाखवून सांगितली. तिच्यात काळा अ‍ॅडॅप्टर, वायर गुंडाळलेला एक रिमोट आणि पिवळी कॅसेट होती, नव्व्याण्णव लाखांवाली. वडिलांनी कॅसेट हातात घेऊन सवयीनं फुंकर मारली. फुंकरीनं कधी काही सुधारत नसे. काढून परत लावल्यानं टोकं जुळत एवढंच, उलट तोंडाच्या ओलीनं ती गंजत. निन्टेंडोनंही फुंकू नका असंच सांगितलं होतं. वडिलांनी दुसऱ्या बाजूनंही मारली.

“त्या पिशवीत काय ठेवताय?” आईनं खालून विचारलं.

“काढलेले गेम.”

“काढले, मग घरात कशाला?”

वडील तोवर पिशवीला गाठ मारत होते. दोन गाठी मारल्या. आबांनी स्टूल धरून ठेवलं होतं.